काठावरचे पोहणे

गेल्या उन्हाळ्यात आमच्या चिरंजीवांना पोहायला शिकवण्याचे मी मनावर घेतले. तलावाच्या काठावर उभा राहून मी श्वास, हात, पाय यांचे सविस्तर विवेचन करीत असे आणि तो पायरीवर कुडकुडत ऐकत असे. चौथ्या दिवशी त्याने यायचेच नाकारले. 'भित्रा आहेस!' असे मी बोलून गेलो. झाले! घरात दोन दिवस अबोला.

तिसऱ्या संध्याकाळी तो एकटाच हसताना ऐकू आला, म्हणून डोकावलो. वॉल्ट डिस्ने यांच्या चित्रशाळेतला १९४२ सालचा 'हाऊ टू स्विम' हा व्यंगपट चालला होता. एक धीरगंभीर आवाज पोहण्याचे शास्त्र सांगत होता आणि लांबकान्या गूफी पियानोच्या स्टुलावर पालथा पडून हातपाय मारीत होता!

"बाबा, हा माणूस अगदी तुमच्यासारखा बोलतो," चिरंजीव म्हणाले.

अबोला सुटला. मग जॅक किनी यांनी दिग्दर्शित केलेले गूफीचे आणखी दोन क्रीडापट आम्ही पाहिले. 'हाऊ टू प्ले गोल्फ'मध्ये (१९४४) रेघांनी काढलेला एक माणूस बिनचूक फटक्याचा धडा देतो. गूफी त्याची नक्कल करायला जातो आणि शेवटी मागे बैल लागतो. 'हॉकी होमिसाइड'मध्ये (१९४५) तर प्रेक्षकच बर्फावर उतरून हाणामारी करतात आणि खेळाडू निवांत बसून ती पाहतात.

नुसत्या पडण्या-आपटण्याला इतके हसू येत नाही. खरी गंमत त्या आवाजात आहे. गूफी कितीही आपटला, तरी निवेदकाचे व्याकरण ढळत नाही. शब्द कोरडेच राहतात. भिजतो तो बिचारा गूफी. आणि तरीही तो कुणावर न रुसता पुन्हा उठतो, म्हणून आपल्याला आवडतो.

मी स्वतः पोहायला शिकलो तो गावच्या विहिरीत, पाठीला भोपळा बांधून. काकांनी शास्त्र सांगितले नव्हते. ते आधी पाण्यात उतरले होते. एवढे मी कसे विसरलो?

दुसऱ्या सकाळी मी काठावर थांबलो नाही. उडी चुकली, पोट सपकन आपटले, नाकातोंडात पाणी गेले. वर आलो तेव्हा पायरीवर चिरंजीव खदखदून हसत होते. हसता हसताच ते एक पायरी खाली उतरले, मग आणखी एक.

मी एक शब्दही बोललो नाही.