निन्टेंडो डीएस संगणकावर सुरू करताना

निन्टेंडो डीएस हे दोन पडद्यांचे, हातात धरून खेळायचे यंत्र २००४ साली बाजारात आले आणि त्याचे १५ कोटींहून अधिक नग खपले. त्याचे खेळ आता संगणकावर चालवायचे तर एम्युलेटर लागतो, म्हणजे मूळ यंत्रासारखे वागणारा प्रोग्रॅम. मेलनडीएस हा त्यांपैकी एक, मोफत आणि मुक्तस्रोत.

प्रोसेसर, ध्वनी, पडदे यांचे वागणे एम्युलेटरचे कर्ते अभ्यासून स्वतः लिहितात. यंत्रात कारखान्यातच भरलेली आज्ञावली मात्र कंपनीच्या मालकीची असल्याने ती सोबत देता येत नाही. डीएसमध्ये तिचे तीन भाग आहेत. एआरएम९ आणि एआरएम७ या दोन प्रोसेसरांचे वेगवेगळे बायोस असतात, पहिले ४ केबीचे, दुसरे १६ केबीचे. एआरएम७च्या एवढ्याशा बायोसमध्ये गेमकार्डाचा सांकेतिक भाग उलगडण्याची किल्लीही असते. तिसरा भाग फर्मवेअरचा, बहुधा २५६ केबीचा. सुरुवातीचा मेनू त्यातलाच. शिवाय खेळणाऱ्याचे नाव, वाढदिवस, भाषा, टचस्क्रीनची जुळवणी आणि वायफायची माहितीही त्यातच साठते.

या तिन्ही भागांच्या फायली इंटरनेटवर सहज सापडतात, पण तसे उतरवून घेणे म्हणजे दुसऱ्याच्या मालकीच्या गोष्टीची प्रत घेणे. सरळ मार्ग एकच: आपल्याच डीएसवर छोटा प्रोग्रॅम चालवून त्या फायली मेमरी कार्डावर काढून घेणे. डीएसआय किंवा थ्रीडीएस या नंतरच्या यंत्रांमधून काढलेले फर्मवेअर इथे अपुरे पडते. ते १२८ केबीचेच असते आणि त्यावरून मेनू सुरू होत नाही.

फायली हाती आल्या की एम्युलेटरच्या सेटिंगमध्ये बाहेरचे बायोस व फर्मवेअर वापरण्याचा पर्याय निवडून तिन्हींचे ठिकाण दाखवायचे. दोन्ही बायोसची अदलाबदल होणे ही नेहमीची चूक. फाइलचा आकार पाहिला की ती लगेच कळते. फर्मवेअरवर एम्युलेटर बदल लिहीत असतो, म्हणून मूळ प्रत वेगळी जपलेली बरी. मग फर्मवेअरपासून सुरुवात केली की डीएसचा परिचित मेनू दिसतो. थेट खेळ सुरू करण्याचा पर्याय निवडला तर मेनू वगळला जातो.

ज्यांच्याकडे यंत्रच नाही त्यांचीही सोय आहे. मेलनडीएसच्या नव्या आवृत्त्यांत स्वतंत्रपणे लिहिलेले मुक्त बायोस असते आणि बहुतेक खेळ त्यावर चालतात. फक्त मूळ मेनू मिळत नाही. डीएसआयचे खेळ मात्र त्याच्या स्वतःच्या बायोस फायली आणि अंतर्गत मेमरीची प्रत यांशिवाय चालत नाहीत.