कॅमेरा कोणाच्या हातात?

दरवर्षी ६ डिसेंबरला, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या महापरिनिर्वाण दिनी, बातम्यांत दिसते ती दादरची गर्दी आणि वाहतुकीची कोंडी. सोमनाथ वाघमारे यांचा ‘चैत्यभूमी’ (२०२३) हा माहितीपट त्याच गर्दीत शिरतो. माणसं तीच, पण चित्रण करणारा त्यांच्यातलाच, म्हणून गर्दीला चेहरे मिळतात. असंच दुसरं उदाहरण: पॅलेस्टाईनमधल्या बिलिन गावच्या इमाद बुर्नात यांनी २००५ मध्ये धाकट्या मुलाच्या जन्माच्या वेळी कॅमेरा घेतला. गावच्या जमिनीवर इस्रायलचं कुंपण आलं, आंदोलन पेटलं आणि घरगुती चित्रणातूनच ‘फाइव्ह ब्रोकन कॅमेराज’ (२०११) हा माहितीपट उभा राहिला. त्यातल्या एका कॅमेऱ्याने बंदुकीची गोळी अडवली.

मग बाहेरच्याने चित्रण करूच नये का? तसं मुळीच नाही. दलितांवरच्या ‘जय भीम कॉम्रेड’साठी (२०११) आनंद पटवर्धनांनी १४ वर्षं दिली, बुर्नात यांचे सहदिग्दर्शक गाय डेव्हिडी तर इस्रायली. पण काय ठेवायचं, काय कापायचं, यात ज्यांची गोष्ट आहे त्यांचा शब्द चालायलाच हवा. आपल्याकडे रायगडमध्ये कुंभिवलीच्या आसपासचे, कर्जत-खालापूरचे कातकरी आदिवासी पडद्यावर येतात ते बहुधा वीटभट्टी आणि कुपोषणापुरतेच. वाडीवरच्या पोरांकडे आता मोबाईल आहेत. त्यांना संकलन शिकवायला कोण तयार आहे? जरूर कळवा.