चेन्नईतला ‘स्पार्क’, कल्पाक्कमचा सोडियम

२०२४च्या पोंगलला ‘अयलान’ हा तमिळ चित्रपट आला. त्यातला खलनायक आर्यन, म्हणजे आपला शरद केळकर, उल्केसोबत आलेल्या ‘स्पार्क’ नावाच्या परग्रहावरच्या तुकड्याच्या जोरावर चेन्नईत जमीन पोखरू पाहतो. त्याला हवा असतो इंधनाचा वायू. तुकडा परत न्यायला बिचारा परग्रहवासीच येतो!

दांडग्या ऊर्जेला वेसण घालण्याचा खरा उद्योग मात्र चेन्नईच्या दक्षिणेला, कल्पाक्कमला चालतो. तिथल्या ५०० मेगावॉटच्या फास्ट ब्रीडर अणुभट्टीसाठी उष्णता वाहून नेण्याचं काम वितळलेल्या सोडियमकडे दिलं आहे. तो उकळतो ८८३ अंश सेल्सिअसला, त्यामुळे पाण्यासारखा प्रचंड दाब लागत नाही. पण पाणी लागलं की भडकतो. म्हणून गाभ्यातला किरणोत्सारी सोडियम आपली उष्णता आधी दुसऱ्या, वेगळ्या सोडियमला देतो. पाण्याची वाफ करतो तो हा दुसरा.