पेटत नाही, पण वितळतं

गणपती जवळ आले की इथं जे. पी. नगरात मराठी घरांतून लावणीच्या, नाटुकल्यांच्या तालमी सुरू होतात. मग प्रश्न येतोच: "पाकिटावर 'फ्लेम रिटार्डंट' लिहिलंय, म्हणजे या गंगावनाला स्ट्रेटनर चालेल ना?"

नाही. ज्योत लागली तर धागा भडकत नाही, ज्योत दूर केली की विझतो, एवढंच तो शब्द सांगतो. किती उष्णता सोसेल, ही वेगळी गोष्ट. रणगाड्यातल्या जवानाचा ओव्हरऑल त्याला आगीपासून वाचवतो. म्हणून कोणी तो तापल्या सायलेन्सरवर वाळत घालत नाही.

असे केस बहुतेक वेळा मॉडॅक्रिलिकचे असतात. जपानच्या कानेका कंपनीचा 'कानेकालोन' धागा त्यातलाच. त्यात क्लोरीन असतं, त्यामुळे आग पसरत नाही. पण साधारण १२० ते १५० अंशांच्या दरम्यान तो मऊ पडून आकसतो, आणि स्ट्रेटनर तर सर्रास १८० ते २२० वर चालवतात. मग चिकट गोळा होतो. तो कातडीला लागला तर निघता निघत नाही, भाजतच राहतो. धूरही घातक. उग्र वास आला की यंत्र बंद करा, खिडक्या उघडा.

पाकिटावर 'हीट रेझिस्टंट' असं वेगळं लिहिलेलं असेल, तरच यंत्र हातात घ्या आणि दिलेल्या आकड्याच्या वीसेक अंश खालीच थांबा. परदेशातून आणलेल्या पाकिटावर कधी कधी फॅरेनहाइट असतं. तिथले ३५० म्हणजे आपले १७७. तापमान ठरवता न येणारं यंत्र नकोच.

केस खरे की कृत्रिम, हे कळत नसेल तर आतल्या बाजूचे चार धागे कापा, चिमट्यात धरून बेसिनवर पेटवा. खऱ्या केसाला पिसं जळल्याचा वास येतो आणि राख बोटांत चुरते. कृत्रिमाचा कडक मणी होतो.

कृत्रिम केसांना वळण द्यायला गरम पाणी सगळ्यात बरं. टोप किंवा गंगावन डोक्यावर नव्हे, स्टँडवर ठेवा, रोलर गुंडाळा, वरून पाणी सोडा. बंगळूर ९०० मीटर उंचावर, इथं पाणी ९७ अंशांच्या आसपासच उकळतं, म्हणजे धागा वितळायची भीती नाही. हात मात्र सांभाळा. पूर्ण गार झाल्याशिवाय रोलर काढू नका. वळण बसतं ते गार होतानाच.

राहिला हेअर स्प्रे. त्यातलं अल्कोहोल पेटतं, आणि पाकिटावरची हमी धाग्याची आहे, वर मारलेल्या स्प्रेची नाही. तेव्हा स्प्रे मारल्यावर लगेच आरती असेल, तर निरांजनाचं ताट दुसऱ्या कुणाच्या तरी हाती द्या.