हळू आवाजातला दरारा

दिवाळीच्या आगेमागे बीडच्या आष्टी, पाटोदा, धारूर भागातून ऊसतोड मजुरांच्या गाड्या साखरपट्ट्याकडे निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाकडून घेतलेली उचल तोवर खर्चूनही झालेली असते आणि ती फिटल्याशिवाय फड सुटत नाही. निळू फुले यांनी पडद्यावर उभा केलेला साखरसम्राट बीडच्या माणसाला वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

नक्कलाकारांनी मात्र निळूभाऊंचं वाटोळं केलं. बाईला वाड्यावर बोलावणारा पाटील, एवढंच शिल्लक ठेवलं. 'सामना'तला हिंदुराव धोंडे पाटील बघा. साखर कारखान्यासकट सगळा गाव त्याच्या मुठीत, पण गडी आवाज चढवत नाही. रस्त्यावरच्या दारुड्या मास्तरला, म्हणजे श्रीराम लागूंना, तो घरी आणतो, खाऊपिऊ घालतो. मास्तर मारुती कांबळेचं काय झालं म्हणून विचारत सुटतो, तरी हिंदुरावाचं अगत्य लगेच आटत नाही. शब्द जिभेवर घोळवत, डोळे बारीक करत तो बोलत राहतो. धडकी भरते ती त्या अगत्याचीच.

दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, लेखन तेंडुलकरांचं. निर्माते रामदास फुटाणे जामखेडचे, पेशाने चित्रकला शिक्षक. जामखेड म्हणजे बीडच्या शिवेला लागूनच. हा चित्रपट 1975 मध्ये बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत होता.

हिंदुरावाचं हे बेरकीपण आलं कुठून? निळूभाऊ ना पाटील, ना वाड्यातले. पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेला माणूस. 'कथा अकलेच्या कांद्याची' या वगाने नाव झालं, 1968 च्या 'एक गाव बारा भानगडी'तल्या झेलेअण्णाने सिनेमाचं दार उघडलं. रंगमंचावर तेच सखाराम बाइंडर झाले. खेड्यापाड्यांतल्या बायका त्यांना खरोखर शिव्या घालत. नटाला याहून मोठी पावती कुठली?

माझ्या मते त्यांची खरी ताकद 1979 च्या 'सिंहासन'मध्ये दिसते. तिथे ते पत्रकार दिगू टिपणीस आहेत. खुर्चीवर बसणारे दुसरेच, हे नुसते बघणारे. हिंदुरावात सत्तेचा माज दाखवणारा तोच चेहरा इथे सगळं पाहून हतबल होतो.

पडद्याबाहेर हा खलनायक अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात होता आणि लागूंच्या साथीने सामाजिक कृतज्ञता निधीसाठी झटत होता. 13 जुलै 2009 ला ते गेले. नकला पुष्कळ पाहून झाल्या असतील, तर आता एकदा 'सामना' पाहा.