औषध होते, पण गरिबाला नव्हते!

घरात कोणाला मधुमेह, दमा किंवा रक्तदाब असला तर आपण शेजाऱ्यालाही सांगतो. एच.आय.व्ही. मात्र लपवतो. खरे पाहता, आज तोही रोजच्या गोळ्यांवर आयुष्यभर सांभाळता येणारा आजार झाला आहे. परंतु या गोळ्या गरिबाच्या हातात आपोआप पडलेल्या नाहीत. त्यासाठी रुग्णांना केवढा झगडा करावा लागला, हे दिग्दर्शक डिलन मोहन ग्रे यांच्या 'फायर इन द ब्लड' या २०१३ सालच्या माहितीपटात पाहायला मिळते. नावाचा अर्थ 'रक्तातली आग'. कामगार कुटुंबांनी तो पाहिलाच पाहिजे असे आम्हांला वाटते.

या आजारावर एकटे औषध दिले तर विषाणू लवकरच त्याला दाद देईनासा होतो. तीन औषधे एकत्र दिली की तो दबून राहतो. १९९६ सालापासून हा उपचार सुरू झाला आणि अमेरिका-युरोपात अंथरुणाला खिळलेली माणसे उठून कामावर जाऊ लागली. आफ्रिकेत मात्र लाखो माणसे मरतच राहिली. कारण काय? एका रुग्णाचा वर्षाचा खर्च १० ते १५ हजार डॉलर! म्हणजे २००१ सालच्या दराने साडेचार लाख रुपयांच्या वर. औषधे तयार करायला एवढा पैसा लागत नव्हता. पेटंटमुळे कंपन्यांकडे विक्रीचा मक्ता होता आणि त्या मागतील तो भाव होता.

दक्षिण आफ्रिकेचे न्यायाधीश एडविन कॅमेरॉन हे स्वतः एच.आय.व्ही.चे रुग्ण. आपल्याला औषध विकत घेता येते म्हणूनच आपण जिवंत आहोत, असे त्यांनी २००० साली डर्बनच्या जागतिक परिषदेत उघडपणे सांगितले. त्याच देशातील कार्यकर्ते झॅकी अचमत यांनी सरकारी दवाखान्यात सर्वांना औषध मिळेपर्यंत आपणही ते घेणार नाही, असा निर्धार केला. २००२ साली नेल्सन मंडेला त्यांच्या घरी समजूत घालायला गेले, तरी ते बधले नाहीत. सरकार झुकले तेव्हाच, २००३ साली, त्यांनी औषध घेण्याचे ठरवले.

या लढ्याला मोठे बळ आपल्या मुंबईतून मिळाले. आपल्या १९७० च्या पेटंट कायद्यात औषधावर मक्ता नव्हता, तो फक्त ते बनविण्याच्या पद्धतीवर होता. त्यामुळे सिप्ला कंपनीला वेगवेगळ्या तीन कंपन्यांची औषधे एकाच गोळीत आणता आली. दिवसाला दोन गोळ्या पुरत. २००१ साली सिप्लाचे प्रमुख युसुफ हमीद यांनी हा उपचार वर्षाला ३५० डॉलरमध्ये देऊ केला. दिवसाला एक डॉलरही नाही! पुढे आपला कायदा २००५ साली बदलला आणि नव्या औषधांवर येथेही मक्ता आला. हा धोका लक्षात ठेवला पाहिजे.

३५० डॉलर म्हणजे तेव्हाचे सुमारे १६ हजार रुपये. रोजंदारीच्या घराला तेही कुठले परवडणार? म्हणून १ एप्रिल २००४ पासून आपल्या सरकारी रुग्णालयांत हे उपचार मोफत सुरू झाले, ही गोष्ट मोलाची आहे.

तरीही माणसे दवाखान्यात जात नाहीत, गेलीच तर बरे वाटताच गोळ्या सोडतात. गोळी सोडली की विषाणू पुन्हा डोके वर काढतो. नियमित घेतली आणि तपासणीत विषाणू दबलेला राहिला, तर शरीरसंबंधातून जोडीदारालाही लागण होत नाही. गरोदर बाईने वेळेवर उपचार घेतले तर बाळ वाचू शकते. शिवाय २०१७ च्या कायद्याने या आजारावरून कामावरून काढण्यास किंवा शाळेत प्रवेश नाकारण्यास मनाई आहे आणि त्याविरुद्ध दाद मागता येते.

माहितीपट इंग्रजीत आहे. वस्तीतल्या शिकलेल्या मुलामुलींनी तो सभागृहात दाखवावा आणि शेजारी उभे राहून मराठीत समजावून सांगावा. त्यातले रुग्ण तोंड लपवत नाहीत, नावानिशी बोलतात. आपल्या वस्तीतला रुग्णही तसा बोलू लागेल, एवढा आधार त्याला आपण दिला पाहिजे. औषध आता मोफत आहे. ते घ्यायला जाणाऱ्याची वाट लाजेने अडवू नका!