थपडेपलीकडच्या ललिता पवार

ललिता पवार यांच्यावरचं बहुतेक लेखन १९४२ सालापाशी येतं आणि तिथेच मुक्काम करतं. ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलाकार भगवान यांची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेची खलनायिका झाली, अशी ती गोष्ट. घटना खरी आणि तिच्यातलं दुःखही खरं. पण त्यातून काढला जाणारा निष्कर्ष मला मुळीच मान्य नाही. अपघाताने ललिताबाईंचा चेहरा बदलला. त्यानंतरची चार दशकांहून मोठी कारकीर्द त्यांनी अभिनयाच्या बळावर उभी केली आणि तिचं श्रेय एका थपडेला देणं हा त्यांच्यावर अन्याय आहे.

येवल्यात १९१६ साली जन्मलेल्या ललिताबाई मूकपटांच्या काळात, लहान वयातच कॅमेऱ्यासमोर आल्या. बोलपट आल्यावर मूकपटातल्या अनेकांची सद्दी संपली. ललिताबाई मात्र टिकल्या. टॉलस्टॉयच्या कादंबरीवर आधारलेल्या ‘दुनिया क्या है’ (१९३७) या चित्रपटाची निर्मितीही त्यांनी केली. पुढे भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ आला, खांडेकरांच्या कथेवरचा मास्टर विनायकांचा ‘अमृत’ आला. म्हणजे अपघात झाला तेव्हा त्यांच्या गाठीशी दशकभराहून अधिक कामाचा अनुभव होता. उपचारांत काही वर्षं गेल्यावर त्या परतल्या, त्या या शिदोरीवर.

यावर कोणी म्हणेल, अपघात झाला नसता तर त्या नायिकाच राहिल्या असत्या. त्यांच्या समकालीन अभिनेत्रींकडे पाहिलं तर हा तर्क टिकत नाही. ‘अयोध्येचा राजा’मधल्या तारामती दुर्गा खोटे ‘मुगल-ए-आझम’मध्ये जोधाबाई झाल्या. ‘कंगन’च्या नायिका लीला चिटणीस ‘आवारा’त राज कपूरची आई झाल्या. या दोघींच्या वाट्याला असा कोणताही अपघात आला नव्हता. स्वातंत्र्यानंतर हिंदी चित्रपटाचा पसारा वाढत गेला, कौटुंबिक कथांना मोठा प्रेक्षक मिळाला, नायिका तरुणच हवी हा दंडक मात्र कायम राहिला. वय वाढलेल्या अभिनेत्रीसाठी पटकथेत बहुधा दोनच जागा उरत: सोसणारी आई किंवा छळणारी सासू. अपघातामुळे हे वळण ललिताबाईंच्या वाट्याला लवकर आलं, इतकंच म्हणता येईल.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. ‘दहेज’पासून ‘सौ दिन सास के’पर्यंत त्यांनी खाष्ट सासूच तर वठवली, मग वैविध्य कुठलं? पुनरावृत्ती होती, हे मान्यच करायला हवं. पण तो दोष लेखणीचा होता. लिहिणाऱ्याने जागा दिली तिथे काय घडलं, ते ‘श्री ४२०’मधल्या गंगामाईत दिसतं. दोन आण्याला तीन केळी विकणाऱ्या या बाईकडे राज तीन आण्याला दोन मागतो, आणि ती आपलाच भाव हट्टाने धरून बसते. एवढ्याशा घासाघिशीत तिचा कडकपणा, भाबडेपणा आणि माया एकदम उभी राहते. ‘अनाडी’तली मिसेस डिसा तोंडाने भाडेकरूला फटकारते आणि मनाने त्याची आई होते, या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) तर त्यांनी कडक शिस्तीच्या प्रौढ बाईला प्रेमात पडलेलं दाखवलं. त्या वयाच्या स्त्रीच्या इच्छेची सहज थट्टा झाली असती, पण त्यांनी तिची लाज आणि तिचा आनंद दोन्ही खरे ठेवले, म्हणून हसता हसता तिच्याबद्दल कणवही वाटते.

अधू डोळ्याचा फायदा मिळाला, असंही म्हटलं जातं. ‘रामायण’ मालिकेतल्या मंथरेची नजर आठवणाऱ्यांना ते पटेल. पण तोच डोळा गंगामाईलाही होता आणि मिसेस डिसालाही, आणि तिथे तो धाक न घालता जिव्हाळा देतो. व्यंग एकच आणि परिणाम परस्परविरुद्ध असतील, तर त्यामागे अभिनेत्रीचा निर्णय असतो. संगीत नाटक अकादमीने १९६१ साली त्यांचा गौरव केला तो याच कसबाचा. चरित्र अभिनेत्रीचं मोल तिच्यावर काय ओढवलं यावरून ठरवायचं नसतं. मिळालेल्या चार प्रसंगांत तिने माणूस किती पुरा उभा केला, यावरून ठरवायचं असतं. त्या मापाने ललिता पवार हिंदी चित्रपटाच्या पहिल्या रांगेतल्या कलावंत ठरतात.